आधी देठ सांगा

माझ्या पहिल्या नोकरीच्या मुलाखतीत मला माझं नाव कोणी विचारलं नाही. जालन्याच्या एमआयडीसीत, एका बियाणं कंपनीच्या कचेरीत, घामानं चिकटलेली फाईल मांडीवर घेऊन मी बसले होते. टेबलापलीकडच्या माणसानं खणातून एक वांगं काढलं, माझ्यापुढं ठेवलं आणि म्हणाला, "बोला."

"वांगं," मी म्हणाले.

"ते मलाबी दिसून राह्यलं. आकार बोला."

मी कृषीची पदवी घेऊन नुकतीच बाहेर पडले होते. वांग्यावरची कीड विचारली असती तर मी तासभर बोलले असते. आकार म्हटल्यावर जे तोंडाला आलं ते सांगितलं, "अंड्यासारखा."

"कोन्त्या बाजूनं अंड्यासारखा?"

अंड्याला बाजू असते हे मला तोवर कोणी शिकवलं नव्हतं. मी वांगं उचललं, इकडून पाहिलं, तिकडून पाहिलं. त्यांनी ते माझ्या हातातून काढून घेतलं, देठाला धरून माझ्या नाकासमोर लोंबकळत ठेवलं आणि म्हणाले, "आधी देठ सांगा, मॅडम. देठ कुठंय ते कळलं की आकार आपोआप कळतो. देठ सुटला की मंग सगळंच अंडं."

एवढ्यावर मला नोकरी मिळाली. माझ्यात त्यांनी असं काय पाहिलं, हे कोडं मला बरेच दिवस पडलं होतं. शेवटी कॅन्टीनच्या मामांनी ते सोडवलं. माझ्या आधी आलेल्या उमेदवारानं वांग्याचा आकार 'भरताचा' असा सांगितला होता.

अख्खी कंपनी त्यांना 'ऑबोव्हेट सर' म्हणायची. घाईत असलेली माणसं 'ओबी सर' म्हणायची आणि वॉचमन नुसतं 'वांगेसाहेब'. सरांना तिन्ही नावं ठाऊक होती आणि तिन्हींना ते ओ देत. आमच्या विभागाचं काम असं की कंपनीच्या प्रत्येक वाणाचं पान, फूल, फळ कसं आहे ते शब्दांत लिहून ठेवायचं, आणि हंगामात बीजोत्पादकांच्या शेतावर जाऊन उभं पीक त्या शब्दांबरहुकूम आहे का ते बघायचं. असलं तर प्लॉट पास. नसलं तर फेल, आणि त्या शेतातलं बी कंपनी घेत नाही. विभागात सर आणि मी अशी दोनच माणसं होती. तिसरा एक पंखा होता, तो अधूनमधून यायचा.

तर हा शब्द, ऑबोव्हेट. ओव्हेट म्हणजे अंडाकृती. देठाकडं रुंद, टोकाकडं निमुळतं. वडा-पिंपळाची पानं ढोबळमानानं त्या गोतातली. ऑबोव्हेट म्हणजे तेच अंडं उलटं केलेलं. देठाकडं निमुळतं, आणि देठापासून लांब जाल तसं रुंद होत जाणारं. घोळाच्या भाजीचं पान घ्या, काजूचं घ्या. आमच्या गेटाजवळ देशी बदामाचं झाड होतं, त्याचं तळहाताहून मोठं पान हा सरांच्या मते ऑबोव्हेटचा जगातला सर्वांत देखणा नमुना. त्या झाडाखाली ते आपली लूना लावत आणि दुसऱ्या कुणाची गाडी तिथं दिसली तर पाहुण्यानं देव्हाऱ्यात चप्पल काढल्यासारखं तोंड करत.

मराठी पुस्तकात या शब्दाला 'व्यस्त-अंडाकृती' असा प्रतिशब्द आहे. सरांना तो पसंत नव्हता. "व्यस्त म्हनलं की लोकांना वाटतं वांगं कामात हाय." हैदराबादहून आलेल्या एका तरुण अधिकाऱ्यानं एकदा शंका काढली की हा शब्द पानासारख्या चपट्या वस्तूला वापरतात, भरीव फळाला 'ऑबोव्हॉइड' म्हणायला हवं. सरांनी त्याचं शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, "बिलकुल बराबर. पुस्तकात तसंच हाय. पर आपल्या धंद्यात फळालाबी ऑबोव्हेटच म्हनतात. तुमी हैदराबादला म्हना व्हॉइड, जालन्यात म्हनू नका, मानसं गोंधळतेत." तो अधिकारी जेवायला बसला तेव्हा सर मुद्दाम त्याच्याशेजारी जाऊन बसले आणि त्याच्या ताटातली लिंबाची फोड उचलून पाहत राहिले.

खिशाला लोकांच्या पेन असतं, यांच्या जाडी मोजायचा व्हर्नियर कॅलिपर असायचा. लग्नाच्या पंगतीत बुंदीचा लाडू पुढ्यात आला की खिशाकडं हात जायचा. शेजारी काकू, म्हणजे सरांच्या बायको, असल्या तर त्या कोपरानं ढोसायच्या आणि हात परत यायचा. आमच्या समोर रस्त्यापलीकडं लोखंडाची रोलिंग मिल होती. दिवसभर खणखणाट आणि लालभडक सळ्या. सर तिकडं कधी ढुंकून बघत नसत. "त्याला आकारच न्हाई. नुसती लांबी."

माणसांचीही सुटका नव्हती. एचआरच्या मॅडम ऑब्लाँग, म्हणजे लांबुळक्या. मालकांचे मेहुणे, जे खरेदी विभागात बसून कुणाच्याही कामात पाय घालायचे, ते 'अनियमित, कडा दंतुर'. आणि स्वतः सर? टक्कल पडलेलं रुंद डोकं, खाली हनुवटीशी निमुळता झालेला चेहरा. एका दिवाळीच्या कार्यक्रमात पॅकिंगच्या पोरींनी धीर करून त्यांना तोंडावर विचारलं, "सर, तुमचा चेहरा कोन्ता?" सरांनी गळ्यापाशी हात नेला. "मान हा देठ धरला तं ऑबोव्हेट. म्हून तं मला हा शब्द जल्दी समजला."

त्यांच्या घरी मी पहिल्यांदा गेले तेव्हा काकूंनी मला स्वयंपाकघरात ओढून नेलं आणि त्यांच्या लग्नाची गोष्ट सांगितली. बघण्याचा कार्यक्रम झाला, पोहे झाले, पाहुणे उठले. दारात सरांच्या आईनं हळूच विचारलं, "कशी वाटली रे?" आणि सर मोठ्यानं म्हणाले, "चेहरा इलिप्टिक हाय."

"मी आतून ऐकलं, मला वाटलं मला काई रोग हाय," काकू सांगत होत्या. "रातभर रडले. सकाळी भावाला डॉक्टरकडं पाठवलं, इचारून ये म्हनलं ह्यावर औषद हाय का." त्या हसत होत्या आणि भाकरी थापत होत्या. बाहेरून सरांचा आवाज आला, "ती दोन्ही टोकांनी सारखी निमुळती असती, त्याला इलिप्टिक म्हनतात. तारीफ होती ती!" भाकरी तव्यावर गेली. ती गोल होती की नाही यावर त्या घरात कित्येक वर्षांपूर्वी एक भांडण झालं होतं आणि तेव्हापासून सर भाकरीबद्दल बोलत नाहीत, एवढं मला कळलं. जगात एवढी एकच वस्तू असावी.

'पळसाला पानं तीनच' ही म्हण कुणी त्यांच्यासमोर वापरली की संपलं. "तीन हायेत, कबूल. पर तिघांचा आकार सारखा न्हाई. मधलं तेवढं ऑबोव्हेट. बाजूची दोन वाकडी. कोन बघतंय?" पगारवाढ मागायला गेलेल्या माणसाला साहेबांनी 'कुठंही जा, पळसाला पानं तीनच' असं ऐकवलं की तो बिचारा आमच्या खोलीत येऊन बसायचा. सर त्याला मधल्या पानाबद्दल सांगायचे. पगार वाढायचा नाही, पण माणूस जरा बऱ्या चेहऱ्यानं परत जायचा.

आमच्या खोलीत भिंतीवर सरांनी स्वतः रंगवलेला एक तक्ता होता. त्यात जगातले सगळे आकार पानांच्या रूपात ओळीनं उभे होते; प्रत्येक पान आपल्या देठावर ताठ, शाळेच्या प्रार्थनेला पोरं उभी राहावीत तसं. आणि त्या तक्त्याच्या शेजारी, सरांच्या खुर्चीच्या बरोबर वर, काचेच्या चौकटीत बियाण्याचं एक रिकामं पाकीट लावलेलं होतं. कंपनीचं सर्वांत जुनं, सर्वांत खपाचं वांगं. त्याचं वर्णन हे सरांनी नोकरीला लागल्यावर केलेलं पहिलंवहिलं काम. पाकिटावर जांभळ्या अक्षरांत छापलं होतं, 'फळ अंडाकृती (ओव्हेट), चमकदार, काटे विरळ.' ते पाकीट आम्ही सगळ्यांनी रोज पाहिलं. माणूस आपल्या देवघरातला फोटो जसा पाहतो, म्हणजे न पाहता, तसं.

त्या वर्षी सरांची निवृत्ती दोन महिन्यांवर आली होती. त्याच वांग्याचे प्लॉट टेंभुर्णीकडं दिले होते आणि पाहणीला सरांनी मला एकटीला पाठवलं. "आता तुमाला जमंल. देठ सोडू नका म्हंजे झालं."

टेंभुर्णीला सुमनबाईंचा प्लॉट होता. शेताच्या बांधावर कंपनीचा पत्र्याचा बोर्ड असतो, त्यावर वाणाचं नाव आणि बीजोत्पादकाचं नाव. इतकी वर्षं त्या बोर्डावर त्यांच्या सासऱ्यांचं, मग नवऱ्याचं नाव असायचं. काम मात्र सगळं सुमनबाई करायच्या. कोणतं झाड ठेवायचं, कोणतं उपटायचं, ते त्यांच्याइतकं घरात कुणाला कळत नव्हतं. त्या वर्षी त्यांनी हट्टच धरला की बोर्डावर आपलं नाव पाहिजे. घरात बरंच झालं. 'प्लॉट फेल झाला तं पुन्हा नाव काढायचं न्हाई' या बोलीवर नवरा आणि दीर कबूल झाले. हे त्यांनी मला पोचल्या पोचल्या बोर्डासमोर उभं करून सांगितलं. पदरानं बोर्डावरची धूळ पुसली आणि म्हणाल्या, "वाचा मॅडम, मोठ्यानं वाचा. मला माझ्या नावाचा आवाज ऐकू द्या."

मी वाचला. मग आम्ही वाफ्यात शिरलो. बियाण्याचं वांगं भाजीच्या वांग्यासारखं जांभळं असताना तोडत नाहीत. झाडावरच पिवळं, जून होऊ देतात. सुमनबाईंची वांगी पिवळी पडायला लागली होती. मी गुडघ्यावर बसले, देठ धरला आणि पाहिलं. देठाकडं निमुळतं, खाली टोकाकडं मस्त रुंद. दुसरं पाहिलं, तिसरं पाहिलं. प्रत्येक झाड सारखं, एकही भेसळीचं नाही, इतका नीटस प्लॉट मी तोवर पाहिला नव्हता. आणि प्रत्येक फळ ऑबोव्हेट. वर्णनात तर ओव्हेट होतं.

मी परत परत पाहिलं. देठ काही जागचा हलला नाही. मी दिसलं तेच लिहून दिलं.

दुसऱ्या दिवशी प्लॉट होल्डवर गेला. आमचे मोठे साहेब म्हणाले, "वर्णन सरांनी केलंय. सर चुकतील का? बाईंनी भलतंच बी लावलं असणार. फेल करून टाका." सरांना हे सांगायची कुणाची छाती नव्हती. आठवडाभराची मुदत मिळाली ती केवळ कागद फिरायला वेळ लागतो म्हणून. तोवर ही इतकी वर्षं कुणाच्या लक्षात कसं आलं नाही, असं मी विचारलं तर सगळे माझ्याकडंच बघायला लागले. खरं म्हणजे उत्तर सोपं होतं. वर्णनात ओव्हेट म्हणून तपासणारा ओव्हेट लिहायचा. वांग्याकडं बघायची गरज फक्त मला वाटली होती, आणि ती खोड मला सरांनीच लावलेली.

संध्याकाळी सुमनबाईंचा फोन आला. चिडलेल्या नव्हत्या. त्यापेक्षा वाईट, हळू आवाजात बोलत होत्या. "मॅडम, माझी वांगी पिवळी होऊन राह्यलीत. आता ती भाजीची बी न्हाईत अन् तुमी म्हनता बियाची बी न्हाईत. मंग कशाची? दीर बोर्ड काढायला निघाल्ता सकाळी. मी आडवी झाले. पर मी किती दिवस आडवी होऊ?"

मला त्या रात्री सरांचा राग आला, हे कबूल करते. इतका की त्यांच्या टकलावर तो कॅलिपर आपटावा. आणि त्याचबरोबर त्यांच्यासमोर जाऊन हे कसं बोलायचं तेही सुचेना. ज्या माणसानं आयुष्यभर दुसरं काही केलं नाही, त्याला जाता जाता कसं सांगायचं की तुमच्या डोक्यावरची चौकटच चुकीची आहे? शेवटी मी काहीच सांगितलं नाही. सकाळी सुमनबाईंच्या शेतातून नमुन्याला आणलेलं एक पिवळं वांगं त्यांच्या टेबलावर ठेवलं आणि म्हणाले, "सर, आधी देठ सांगा."

ते हसले. वांगं देठाला धरून उचललं. "ऑबोव्हेट. क्लासिक. कुठलं हे?"

मी वर चौकटीकडं बोट केलं.

ते वळून बघेनात. मग त्यांचा चेहरा तांबडा झाला आणि इतक्या वर्षांत न ऐकलेल्या आवाजात ओरडले, "झाड चुकलंय! बिलकुल झाड चुकलंय! मी हे फळ माझ्या डोळ्यांनी बघून लिहिलंय!" समोरच्या मिलमधला खणखणाट त्या क्षणी थांबल्यासारखा वाटला. मग लूना सुरू झाल्याचा आवाज आला आणि बदामाखालची जागा दिवसभर मोकळी राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते जीपमध्ये माझ्या आधी येऊन बसले होते. शेतात सुमनबाई बोर्डाला टेकून उभ्या होत्या, जणू बोर्ड कुणी उपटला तर त्यांच्यासकट उपटावा. सरांनी त्यांना नमस्कार केला आणि थेट वाफ्यात गेले. एक झाड पाहिलं, दुसरं पाहिलं. फळ फोडून बी पाहिलं, पान पाहिलं, काटे पाहिले. वाण तोच होता, यात त्यांनाही शंका उरली नाही. मग ते एका झाडासमोर थांबले, आणि त्यांनी जे केलं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. इस्त्रीचा शर्ट पँटीत खोचलेला, खिशात कॅलिपर, निवृत्तीला आलेला तो माणूस झाडाकडं पाठ करून उभा राहिला, पाय फाकवले, कमरेत वाकला आणि स्वतःच्या दोन पायांमधून वांग्याकडं बघू लागला. कॅलिपर खिशातून घसरून मातीत पडला.

"आगं बया," सुमनबाई माझ्या कानाशी म्हणाल्या, "साहेबाला चक्कर आली का काय?"

"नाही," मी म्हणाले, "आकार बघतायत."

"असा?"

सर पुष्कळ वेळ तसेच होते. सरळ झाले तेव्हा डोक्यात रक्त उतरून टक्कल लालबुंद झालेलं. ते कॅलिपर न उचलताच बोलायला लागले, माझ्याशी नव्हे, वांग्याशी. "मी तवा नवीन होतो. पानं शिकून आल्तो, फळ कधी लिहिलंच नव्हतं. तक्त्यातलं पान देठावर उभं असतं, त्याचा देठ खाली. वांगं लटकून राह्यतं, त्याचा देठ वर. मी वांग्याची खालची बाजू रुंद बघितली अन् तक्त्यात जे खाली रुंद दिसलं त्याचं नाव लिहिलं. देठ बघितलाच न्हाई." मग माझ्याकडं वळले. "पुढं मला ते समजलं, मॅडम. दुसऱ्या वाणांत समजलं. तवापासून सगळ्यांच्या मागं लागलो, देठ सांगा, देठ सांगा. पर ह्या पहिल्याकडं पुन्हा वळून बघितलं न्हाई. ते तं माझंच होतं. माझं कशाला तपासायचं?"

मला माझ्या दोन रात्रींपूर्वीच्या रागाची लाज वाटली नाही, पण तो राग उरलाही नाही.

सुमनबाईंना त्यातलं ओव्हेट-ऑबोव्हेट काही समजलं नसावं. त्यांनी सरळ विचारलं, "साहेब, चुकलं कोन? मी का तुमी?"

"मी."

"मंग लिहा की बराबर. वांग्याला काई फरक पडत न्हाई तुमी काय लिहिता त्याचा. मला पडतो."

सरांनी मान डोलावली. सुमनबाईंनी खाली वाकून कॅलिपर उचलला, पदरानं पुसला आणि त्यांच्या खिशात ठेवून दिला.

कंपनीत मोठ्या साहेबांनी समंजसपणाचा मार्ग काढला. प्लॉट 'विशेष बाब' म्हणून पास करू. वर्णनाला हात नको, पाकिटांना हात नको, सरांच्या निरोपसमारंभात तीच चौकट त्यांना भेट द्यायची ठरली आहे, ती सन्मानानं देऊ. बाईंचंही काम होतं, सरांचंही नाव राहतं. मला वाटलं, झालं, सुटलो. सर उभे राहिले. "विशेष बाब म्हंजे चुकलेलं, पर माफ केलेलं. त्या बाईचं चुकलं न्हाई, सर. तिला माफी कशाची? माफी लागंल तं मला लागंल. प्लॉट बराबर हाय, वर्णन गलत हाय, असंच लिहा. अन् खाली माझं नाव लिहा."

मालकांचे मेहुणे म्हणाले, "मग छापलेल्या पाकिटांचं काय करायचं? गोदाम भरलंय." सर म्हणाले, "मी हाय की."

आणि खरंच, नोकरीचे शेवटचे दिवस सर गोदामात, पॅकिंगच्या बायकांच्या रांगेत, पाटावर मांडी घालून बसले. पुढ्यात पाकिटांचा ढीग, बाजूला चिठ्ठ्यांचा गठ्ठा आणि डिंकाची वाटी. प्रत्येक पाकिटावरच्या 'अंडाकृती'वर 'ऑबोव्हेट' छापलेली एकेक चिठ्ठी. बायकांनी त्यांना सळो की पळो करून सोडलं. "सर, ही चिठ्ठी कोन्त्या आकाराची?" "आयताकृती." "अन् डिंकाचा थेंब?" "तुमी लावला तं अनियमित." दुपारी त्यांच्या डब्यातली भाजी सगळ्या रांगेत फिरायची. त्यांची बोटं डिंक चिकटून पांढरी झालेली असायची आणि मी बोलवायला गेले तर म्हणायचे, "थांबा मॅडम, हे एवढं सरळ करू द्या." मी त्यांना इतकं खुशीत कधी पाहिलं नव्हतं.

निरोपसमारंभात त्यांना चौकटीऐवजी भिंतीवरचं गोल घड्याळ मिळालं. ते हातात घेऊन सर म्हणाले, "ऑर्बिक्युलर," आणि खाली बसले. एवढंच भाषण. टाळ्या मात्र पॅकिंगच्या बायकांनी थांबवल्या नाहीत.

पण सर म्हटलं की मला तो समारंभ आठवत नाही. मला त्याच्या चार-दोन दिवस आधीची दुपार आठवते. सुमनबाई आपलं बी घेऊन गोदामावर आल्या होत्या. पिवळी फळं चेचून, पाण्यात धुऊन, सावलीत वाळवलेलं स्वच्छ बी, पांढऱ्या कापडी पिशव्यांत भरलेलं, प्रत्येक पिशवीचं तोंड सुतळीनं घट्ट बांधलेलं. सोबत नवरा आणि दीर दोघंही आलेले. दीर पिशव्या टेम्पोतून उतरवत होता, आणि दर पिशवीगणिक 'वहिनी, ही कुठं ठेवू' असं विचारत होता.

पहिली पिशवी वजनकाट्याच्या आकड्याला अडकवली. ती वर बांधलेल्या तोंडाशी निमुळती, खाली बियानं भरून रुंद, संथ झुलत होती. सगळ्या गोदामाला एकदम काय ते दिसलं. बायकांचे हात थांबले. सर पाटावरून उठले, डिंकाच्या हातानं जवळ आले आणि पिशवीसमोर उभे राहिले. आता शब्द येणार म्हणून आम्ही सगळे त्यांच्या तोंडाकडं पाहत होतो. तो आला नाही.

सुमनबाईंनाच राहवलं नाही. "काय हो साहेब, गप का? सगळ्यांना इचारता, आज मी इचारते. ह्याचा देठ कुठंय?"

मला वाटलं ते वरचा आकडा दाखवतील, किंवा सुतळीची गाठ. सरांनी बोट उचललं आणि सुमनबाईंच्या हातांकडं केलं. ती गाठ मारणाऱ्या, वांग्याच्या काट्यांनी ओरखडलेल्या दोन हातांकडं.

सुमनबाईंनी झटकन हात पदराखाली घेतले. नवऱ्याकडं बघितलं, दिराकडं बघितलं, आणि हसायला गेल्या, पण हसू काही आलं नाही.

"लिहून घ्या, मॅडम," सर मला म्हणाले. "बीजोत्पादकाचं नाव आधी लिहा. आकार मंग बघू."